बायकांचे उलटे शंख

आधीच सांगून ठेवते, मी मॅट्रिक पास झालेली बाई आहे, तेव्हा मला कोणी बावळट समजू नये. त्रेचाळीस साली, लढाई ऐन भरात असताना, जबलपूरच्या आमच्या सरकारी दारूगोळा कारखान्यात बायकांची भरती झाली. त्यांच्या बोटांचे ठसे घ्यायला बाईच हवी होती, कारण परक्या पुरुषाच्या हातात हात द्यायला एकही तयार नव्हती. आमच्या घमापूर वस्तीतून मी एकटीच अर्ज घेऊन गेले. हेडक्लार्क नीलकंठरावांनी महिनाभर शिकवून मला टेबलावर बसवलं.

काम असं. दहाही बोटांना शाई लावायची, एकेक बोट कागदावर फिरवायचं. वरची ओळ उजव्या हाताची, खालची डाव्याची. मग कुठे चक्र आहे, कुठे शंख, ते पाहायचं. शंखाला किंमत शून्य. चक्राची किंमत ते कोणत्या बोटावर बसलंय त्यावरून ठरते, उजव्या अंगठ्यावर सोळा तर डाव्या अंगठ्यावर नुसते चार. त्यावरून अपूर्णांकासारखा जो आकडा निघेल, त्या खणात कागद ठेवायचा. नाव कोणीही खोटं सांगेल, बोटं सांगत नाहीत, असं नीलकंठराव रोज एकदा तरी म्हणत.

दोन महिन्यांत मी सव्वादोनशे बायकांची बोटं काळी केली. आणि मला एक गंमत दिसली. पुरुषांच्या कागदावर शंखाचं तोंड करंगळीकडे असायचं, बायकांच्या कागदावर बहुतेकींचं अंगठ्याकडे! नीलकंठरावांना सांगितलं, तर म्हणाले, "सुहासिनीबाई, डोळे तपासून घ्या." मग स्वतः पाहिलं आणि खुर्चीतून उठलेच. बायकांचे शंख उलटे असतात, यावर चार पानं लिहून त्यांनी वर पाठवली, स्वतःच्या नावाने! मला असा संताप आला म्हणून सांगू! पण मनातून फुशारलेही होते, खोटं कशाला बोलू.

पुढे पॅकिंग खात्यातल्या राधाबाईचा पितळी बिल्ला हरवला. बिल्ला नाही तर आत प्रवेश नाही. नवा हवा तर पुन्हा ठसे देऊन ते जुन्याशी जुळवायचे, असा नियम. मी त्या दिवशी तापाने घरी पडलेली, म्हणून नीलकंठरावांनीच ठसे घेतले. आकडा आला पाच बटा तीन. त्या खणात राधाबाई नव्हती. नावावरून शोधलं तर तिचा जुना कागद निघाला सतरा बटा सतराच्या खणात, माझ्याच अक्षरातला. शिवाय नव्या कागदावरचे शंख पुरुषांसारखे सरळ.

मी कामावर आले तेव्हा नीलकंठरावांनी निकाल देऊन टाकला होता. "ही राधाबाई नव्हेच. दुसरीच कोणी तिच्या नावावर घुसली आहे. कारखान्याचे मोठे साहेब सोमवारी दौऱ्यावरून आले की पोलिसांच्या ताब्यात देतो."

"अहो, मी तिला रोज पाहते! हनुवटीवर गोंदण आहे तिच्या."

"गोंदण कोणीही गोंदवून घेईल."

दोन्ही कागद समोर घेऊन मी दिवसभर बसले. स्वतःची बोटं पाहिली. माझ्या बोटावर डावीकडे झुकलेला शंख कागदावर उजवीकडे झुकतो. समोर बसलेल्या बाईचा उजवा हात माझ्या डाव्या बाजूला येतो. शेवटी कोणाचं कोणतं उजवं हेच मला कळेना, डोकं नुसतं भणभणलं. घरी जाऊन आमटीत दोनदा मीठ घातलं.

शनिवारी राधाबाई फाटकाबाहेर उभी दिसली. मी तिला फाटकासमोरच्या पुलाच्या कठड्यावर बसवलं. "राधाबाई, हात दाखवा बरं."

तिने डावा हात पुढे केला.

"उजवा हो."

"काहून? बाईमाणसाचा डावाच पाहतात ना? हात पाहणारे जोशी पाहतात तसा. मागच्या वेळी तुम्ही आधी डावाच घेतला, काही बोलल्या नाही. हेडक्लार्क साहेबांनी तर मनगट धरून आधी उजवाच ओढला."

मी धावत आत गेले. जुन्या कागदाची वरची ओळ नव्याच्या खालच्या ओळीशी लावली, खालची वरच्याशी. दहाच्या दहा ठसे जुळले. "हात द्या" एवढंच मी म्हणत आले होते, आणि बायका आपल्या रीतीने आधी डावा देत आल्या होत्या, तो मी वरच्या ओळीत उजवा म्हणून उतरवत होते. उलटेबिलटे काही नव्हतं हो! उलटी मीच.

नीलकंठरावांनी ऐकलं आणि दार लोटलं. "एका बाईसाठी सव्वादोनशे कागद चुकले म्हणायचं? आणि माझी चार पानं?"

"मग तिला तुरुंगात घालणार?"

"हळू बोला."

"नाही बोलत हळू!"

सोमवारी मी सगळं लिहून थेट साहेबांच्या हातात दिलं. राधाबाईला परत घेतलं. बायकांचे ठसे पुन्हा घ्यायचं ठरलं. मला संध्याकाळी काढून टाकलं, नीलकंठराव राहिले.

मंगळवारी सकाळी मी मुद्दाम फाटकाशी गेले. राधाबाई दोन गोड शब्द बोलेल असं वाटत होतं, का वाटू नये? ती आली, तोंड उतरलेलं.

"अहो, आता काय झालं? सुटलात ना?"

"मी मधल्या दिवसांत पाटनला जाऊन आली, आईकडे. विचारायला, की मी तिचीच ना. सरकारी कागद म्हणून राहिला होता की मी राधा नाही. मला वाटलं, असेल बाई काहीतरी."

"मग?"

"तिने माझे हात उलटेपालटे करून पाहिले. म्हणे, जन्मली तेव्हा सुईणीने तुला न्हाऊ घालायला बाहेर नेलं होतं खरं. शिकलेल्या लोकांना काही दिसलं असेल. तेव्हापासून परक्या बाईकडे पाहावं तशी पाहून राहिली ती माझ्याकडे."

मला रडूच आलं. "चला, आत्ता पाटनला जाऊ. मी सांगते त्यांना, चूक माझी होती."

राधाबाईने माझ्याकडे पाहिलं, रागाने नाही.

"तुमचं काहून ऐकेल ती, बाई? तुम्हाला तर काढलं ना."

भोंगा झाला, आणि ती आत गेली.