एक्केचाळीस सेकंद

लीलावतीने इंजिन बंद केलं, पण ती गाडीतून उतरली नाही. लंडनमधल्या एजवेअरच्या त्या गल्लीत दोन्ही बाजूंना एकसारखी घरं होती, लाल विटांची आणि पांढऱ्या खिडक्यांची. त्यांतलं एक तिच्या बाबांचं. तीस वर्षं ती इथे येत होती आणि आज तिला ते ओळखता येत नव्हतं. फोनमध्ये पत्ता होता. तो उघडायला हात धजेना.

समोरच्या एका घराचं दार उघडलं आणि काठी टेकत बाबा बाहेर आले. एक्क्याण्णव वर्षांचे, अंगात स्वेटर, पायात सपाता.

"कचऱ्याचा डबा आत घ्यायला आलो होतो," ते म्हणाले. "ये."

डबा आधीच आत होता. ती त्यांच्या मागोमाग आत गेली.

चहा झाल्यावर तिने पर्समधून स्मरणशक्ती तपासणाऱ्या क्लिनिकचा फॉर्म काढला आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, "बाबा, आपल्या घरात कुणाला विसरण्याचा आजार होता का? आजीला, आत्याला?"

"कुणाला हवंय?"

"मला. रुटीन चेकअप आहे."

बाबांनी, म्हणजे डॉ. शशिकांत टिळेकरांनी, हात पुढे केला. फॉर्म द्यावा की नाही हे ठरायच्या आत तो त्यांच्या हातात गेला होता. ते भिंग घेऊन वाचू लागले.

एक गोष्ट तिने घरात कधीच सांगितली नव्हती. बायकांचा रग्बी संघ ही गोष्टच नवी होती तेव्हा, पंचवीसेक वर्षांची असताना, ती इंग्लंडकडून अकरा सामने खेळली. जर्सीचे पैसे स्वतःचे, बिल्ला हाताने शिवलेला, आदल्या दिवशी मुक्काम कुठल्यातरी क्लबच्या लाकडी जमिनीवर. डोक्याला लागलं की कुणीतरी ओला स्पंज दाबायचं आणि ती उठून पळायची. आईला वाटायचं, शनिवार-रविवार मैत्रिणीकडे अभ्यासाला राहते. मग लग्न झालं, लेस्टरच्या शाळेत गणित शिकवण्यात पुढची वर्षं गेली. गेल्या वर्षी त्या संघातल्या मॉरीनने स्वतःच्या नवऱ्याला 'आपण कोण?' असं विचारलं. या उन्हाळ्यात आणखी एकीला त्याच विसरण्याच्या आजाराचं निदान झालं. आणि मागच्या महिन्यात स्वयंपाकघरात उभं राहून लीलावतीला 'चाळणी' हा शब्द आठवेना. मराठीत नाही, इंग्रजीतही नाही. मुलगी, कस्तुरी, हसली. लीलावतीही हसली आणि नंतर बाथरूममध्ये नळ सोडून टबच्या कठड्यावर बसून राहिली.

बाबांचं भिंग नवव्या प्रश्नावर थांबलं. खेळताना किती वेळा शुद्ध हरपली? किती वेळ? तिथे तिने आधी तीन लिहिलं होतं, ते खोडून पाच, मग तेही खोडलं होतं.

"सहा," बाबा म्हणाले.

तिने मान वर केली.

"सहा वेळा. मी पाहिलं तेवढं. एका सामन्याला मला येता आलं नाही, वॉर्डात इमर्जन्सी होती."

"तुम्ही..."

"पेपरात चार ओळी आल्या होत्या, त्यात तुझं नाव. तुझ्या आईला मी सांगायचो, ऑन कॉल ड्यूटी आहे." त्यांनी भिंग खाली ठेवलं. "पलीकडच्या बाजूला उभा राहायचो, छत्री घेऊन. तू पडलीस की सेकंद मोजायचो. पहिल्यांदा आठ. एकदा बावीस. कार्डिफजवळच्या त्या चिखलाच्या मैदानावर एक्केचाळीस."

"मला ते मैदान आठवत नाही, बाबा."

"नाहीच आठवणार."

त्यांचा आवाज डॉक्टरचा होता, सपाट.

"मेंदूला मार बसला की डोळ्यांच्या बाहुल्या लहान-मोठ्या होतात. त्या दिवशी तुझ्या तशा झाल्यात का, ते मला इतक्या लांबून दिसत नव्हतं," ते म्हणाले. "मी मैदानाच्या रेघेपर्यंत गेलो. आत जायला हवं होतं. खेळ थांबवायला हवा होता. मी डॉक्टर होतो, लीला."

"का नाही आलात?" तिला विचारायचं नव्हतं, पण विचारलं गेलं.

त्यांनी भिंगाची काच स्वेटरला पुसली.

"तू उठलीस आणि हसलीस. तोंडभर चिखल, आणि हसत होतीस. घरात मी तुला तशी कधी बघितली नव्हती." मग हळू आवाजात, "तेव्हापासून फोनवर तू एखादा शब्द शोधायला लागलीस की मी पुन्हा सेकंद मोजायला लागतो. अडतीस वर्षं."

लीलावतीने पेन उचललं. नवव्या प्रश्नापुढे सहा लिहिलं, त्याखाली सेकंद. अक्षर नीट येत नव्हतं. साक्षीदाराच्या रकान्यापाशी ती अडली. बाबांनी पेन घेऊन आपलं नाव लिहिलं. नात्याच्या रकान्यात 'डॉक्टर' लिहायला सुरुवात केली, ते खोडलं आणि 'वडील' लिहिलं.

"तपासणी कधी आहे?"

"गुरुवारी. साडेदहाला."

"मी येतो. बाहेर बसेन."

ती 'कशाला उगाच' म्हणणार होती. कस्तुरीलाही तिने तेच सांगितलं असतं.

"आत या," ती म्हणाली. "बाबा, मला खूप भीती वाटतेय."

ते उठले. अजून सोमवारच होता, तरी कपाटातून त्यांनी गडद निळा कोट काढला, उजेडात धरला आणि एकेक बटण ओढून पाहू लागले.

"हे सैल झालंय," ते म्हणाले. "सुई-दोरा वरच्या ड्रॉवरमध्ये आहे. तू ओव, मला दिसत नाही."