पाडसावरचा पांढरा थर

चार महिने पहारेकऱ्याची धाकटी मुलगी, जुनी चित्रं जतन करायचं काम करणारी, रोज सकाळी गुहेतल्या त्याच स्टुलावर बसून भिंतीवरचा पांढरा थर कापसाच्या बोळ्याने टिपत होती, आणि एवढ्या खटाटोपातून पदरात काय पडलं, तर तळहाताएवढी भिंत. हजारो वर्षांपूर्वी कुणीतरी गेरूने काढलेली हरणी आता निम्मी दिसत होती. तिच्या पोटाशी असलेलं पाडस मात्र गडप झालं होतं. तिथंच थर सगळ्यात जाड. मान अवघडली, नाकी नऊ आले, आणि वर प्रयोगशाळेचं उत्तर आलं: भिंत वर्षानुवर्षं ओली केल्यामुळे आतला क्षार बाहेर येऊन बसलाय.

ओली कुणी केली हे सांगायला प्रयोगशाळा कशाला हवी? तिचे वडील तीस वर्षं इथले पहारेकरी, सगळ्यांचे गुहेवाले काका. पाहुणे आले की ते ओलं फडकं फिरवत आणि फिकट हरणी लालबुंद होई. खात्याचे साहेबच म्हणत, "काका, दाखवा तुमची जादू." निरोपाच्या समारंभात त्याच हाताचं कौतुक झालं होतं. आता अहवाल परवा द्यायचा होता आणि घरी हे सांगायला तिची जीभ रेटत नव्हती.

शेवटी तिने त्यांनाच गुहेत आणलं. काका डोळे बारीक करून भिंतीसमोर उभे राहिले.

"पाणी मार की जरासं. लगेच दिसेल."

"बाबा, पाण्यानेच झालंय हे."

ते खालच्या दगडावर बसले. तिला फार वाईट वाटलं, आणि त्याहून जास्त थकल्यासारखं झालं.

"हरणी वाचेल?" त्यांनी विचारलं.

"हरणी वाचेल. पाडस नाही. थराबरोबर रंगच निघून येतोय. त्याचा धड फोटोही नाही कुणाकडे."

"मग वही घे. मी सांगतो, तू काढ."

मान मागे वळलेली. डावा कान उजव्याहून बोटभर लांब, काढणाऱ्याचा हात घसरला असणार. शेपटी वर. पुढचे दोन्ही पाय दुमडलेले, मागचा एक ताणलेला. तिची पेन्सिल भराभर चालली होती. इतकं तर एकाही पुस्तकात नव्हतं.

"आणि मागचा दुसरा?"

काकांनी हवेत हात फिरवून पाहिला. पुन्हा पहिल्यापासून फिरवला. मग हात मांडीवर ठेवला.

"तो नाही सांगता यायचा. पुसून झालं की फडकं तिथं टेकवून मी लोकांशी बोलत उभा राहायचो. तीस वर्षं तो पाय माझ्या हाताखालीच होता."