खोटं रडणं

कवडू सायकलचे खेळ करायचा. लकडगंजात लाकडाच्या वखारींमागच्या मैदानात तो गोल फिरत राही, सायकलवरच अंघोळ करी, छातीवर ट्यूबलाइट फोडून घेई. शेवटी खड्ड्यात झोपे आणि वरून माती लोटली जाई; जिवंत असल्याची खूण म्हणून तो आतून दोरी हलवी. आत लपवलेल्या फळ्यांखाली श्वासापुरती पोकळी असे. ती फक्त त्याला, त्याच्या बायकोला प्रेमिलाला आणि खेळ भरवणाऱ्या मनोहररावांना ठाऊक होती.

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात लोक त्यालाही कंटाळले. माती पडतानाच घरी निघू लागले.

"नुसतं गाडून भागत नाही गा आता," मनोहरराव म्हणाले. "आज आतून दोरी हलवू नको. प्रेमिला, तू छाती बडवून रड. लोकाईले वाटू दे, गेला."

"हे कायले?" प्रेमिलाने नवऱ्याकडे पाहिलं.

"खेळच आहे वं," कवडू म्हणाला.

त्या संध्याकाळी दोरी हलली नाही. मनोहररावांनी भोंग्यावरून हाका मारल्या आणि मधेच गप्प झाले. प्रेमिलाने हंबरडा फोडला. आधी तिला लाज वाटली, मग त्या मातीकडे बघून खरंच रडू आलं. निघालेले लोक परतले. ओंडक्यांवर चढून पाहू लागले.

तेवढ्यात प्रयागबाई धावत आली. मैदानाच्या कडेला फुटाणे विकणारी ही म्हातारी. तिचा मुलगा विहीर खोदताना दरडीखाली गेला होता. ती मातीवर पडून दोन्ही हातांनी उकरू लागली. "फावडं आना रे! जित्ता असन थो! पाहून काय राहिले?"

प्रेमिला तिच्या कानाशी वाकली. "मावशी, खोटं आहे. जित्ते आहेत ते."

प्रयागबाईला ते ऐकूच गेलं नाही. नखं फाटून रक्त आलं तरी ती थांबेना.

फळ्या निघाल्या. कवडू हात जोडून हसत उभा राहिला. शिट्ट्या, टाळ्या. प्रयागबाईने त्याच्या तोंडावरची माती पुसली, गाल चाचपले. मग हसणारे मनोहरराव तिला दिसले.

"खेळ होता काय गा?"

कवडूने जोडलेले हात खाली घेतले. प्रेमिलाने पदर फाडून तिची बोटं बांधली.

दुसऱ्या दिवशी मैदान भरून गेलं. कवडूवर माती पडली आणि प्रेमिलाने भोंगा हातात घेतला. "आत हवा आहे. ते जित्ते निघतील. कोणी रडू नका."

लोक चिडले, हसले, पांगले. कवडू वर आला तेव्हा मैदान रिकामं होतं आणि मनोहरराव तंबू सोडवत होते.

"काहून सांगितलं वं? माझं नाव होऊन राहिलं होतं!"

"तुमच्या नावासाठी मी तिचं पोरगं दुसऱ्यांदा मारलं," प्रेमिला म्हणाली.

तो तिच्याशी बोलेनासा झाला. दोघं शहराबाहेर वाडीला राहायला गेली. तिथल्या गोदामात तो पोती उचलू लागला. पुष्कळ दिवसांनी, कोणाला न सांगता, तो लकडगंजला गेला आणि प्रयागबाईच्या टोपलीशेजारी बसला. फाटलेल्या नखांमुळे तिला अजून पुड्या नीट बांधता येत नव्हत्या. तो बांधून देऊ लागला.

एक पुडी त्याच्या हातून घेत ती म्हणाली, "तू निंगाला ना, तवा मले लय आनंद झाला होता गा. वाटलं, ह्या खेपेले हात पोचले. थोच आनंद सलते आता."

घरी आल्यावर कवडूने ते शब्द प्रेमिलाला जसेच्या तसे सांगितले. इतक्या दिवसांत तो पहिल्यांदाच तिच्याशी बोलत होता. बोलता बोलता त्याला रडू फुटलं.