नाव बाबांचं, हात लेकीचा

“ठमे, पावतीवर सही मीच करणार. तू नुसती फुंकर घाल, शाई वाळू दे.”

लहानपणी दुकानात ऐकलेला घड्याळजी बापाचा हा आवाज लेकीच्या कानात आठ दिवस घोळत होता. आता त्या बापाचा उजवा हात पक्षाघातानं लुळा पडला होता. डोकं मात्र शाबूत. दुकानाचा गाळा विकायचं त्यांनीच ठरवलं, गिऱ्हाईकही त्यांनीच निवडलं: घड्याळंच दुरुस्त करणारी, त्यांची हत्यारं जपेल अशी एक बाई. आणि वकिलासमोर अंगठा उठवून लेकीला मुखत्यारपत्र दिलं. त्यांच्या वतीनं सही आता तिनं करायची.

लेकीनं त्याचा अर्थ आपल्या परीनं लावला. बापाच्या वतीनं सही, म्हणजे बापाचीच सही. रोज आवराआवर झाली की जुनी पावती समोर ठेवून ती गिरवत बसे. शेवटच्या अक्षराचं शेपूट घड्याळातल्या केसाएवढ्या स्प्रिंगसारखं गोल गोल आत वळायचं. वकिलाला विचारावं असं दहादा मनात आलं. पण विचारलं तर हात आधी कुठे सरावला तेही निघेल, म्हणून दहादा शब्द गिळला. सही जुळली नाही तर ती बाई दुसरा गाळा बघेल, आणि बाबांची हत्यारं भंगारात जातील, ही धास्ती वेगळीच.

नोंदणी कचेरीत कारकूनबाईंनी खरेदीखत पुढे सरकवलं. लेकीनं श्वास रोखून पेन टेकवलं. पहिलं अक्षर उमटलं.

“थांबा. ही कुणाची सही?”

“बाबांची. त्यांचीच हवी ना?”

कारकूनबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. “बाबा काय पेनात शिरून बसलेत? तुमची स्वतःची करा, आणि खाली लिहा, अमुक यांच्यातर्फे मुखत्यार म्हणून. नाव त्यांचं, हात तुमचा. नक्कल केलीत तर ती खोटी सही.”

मग त्यांनी समजावलं, की बाबांनी कागदात जेवढं सोपवलंय तेवढंच करायचं. मालक तेच, आणि मनात आलं तर हे पत्र ते रद्दही करू शकतात. नवा कागद छापून आला. लेकीनं आपली शाळकरी, उताराला लागलेली सही केली. जिना उतरताना पाय हलके, खांदे हलके, हातातली पिशवीसुद्धा हलकी.

घरी हकीकत ऐकून बाबा अर्ध्या तोंडानं डोळ्यांत पाणी येईतो हसले. मग म्हणाले, माझी सही काढून दाखव बघू. तिनं वर्तमानपत्राच्या कडेला काढली. त्यांनी डाव्या हातानं भिंग डोळ्याला लावलं आणि बराच वेळ पाहिलं.

“आठ दिवसांत एवढी जमली?”

लेक त्यांच्या पायाशी बसली.

“आठ दिवसांत नाही, बाबा. आठवीत मी गणितात नापास झाले, तेव्हा प्रगतिपुस्तक मिळालंच नाही म्हणाले होते ना? मिळालं होतं. त्यावर तुमची सही मीच केली.”