तिचं नाव घेऊन उठवा

माझी बायको मालन गेली आणि तिची सुपारी झाली. चितेवरून आणलेल्या राखेत ती मला सापडली. तपकिरी, एका बाजूला जरा चपटी, हातात घेतली तर कोमट. उशाशी ठेवली की कूस बदलते.

वैजूच्या, म्हणजे आमच्या मुलीच्या लग्नात ती माझ्या कनवटीला होती. बायको नसलेल्या माणसाला विधीला बसायचं असेल तर तो धोतराच्या कनवटीला सुपारी खोचून बसतो. ती सुपारी म्हणजे बायको. गुरुजींनीच तसं सांगितलं होतं. बाकीच्यांच्या सुपाऱ्या दुकानातून आणलेल्या असतात, एवढाच फरक.

कन्यादानासाठी मी दोन पाट मांडले. एकावर मी बसलो. माझ्या उजव्या हाताचा पाट खाली दबला, मालन बसताना दबायचा तेवढाच. मग मी गुरुजींना म्हणालो, करा सुरू.

तेवढ्यात माझे थोरले भाऊ अण्णा आले. मागे वहिनी, नवा शालू नेसून.

"ऊठ सोपाना," अण्णा म्हणाले. "कन्यादान आम्ही करणार. जोडीनं करायचं असतं ते."

"जोडीनंच बसलोय."

अण्णांनी शेजारच्या पाटाकडे बघितलं. "कुठाय जोडी? धोतरात?"

मंडप हसला. हसू आलं तसे मंडपाचे बांबू जागेवरून निघाले आणि एकेक पाऊल आत येऊन उभे राहिले. मागच्या रांगेतली माणसं पुढच्यांच्या पाठीला लागली.

वहिनींनी पानाच्या चंचीतून अडकित्ता काढून अण्णांच्या हातात दिला. "द्या भाऊजी ती इकडं. फोडून पानात घालू. जेवणावळ उठली की सुपारी लागतेच."

सुपारीनं मला कमरेत ढोसलं. मालनची सवय होती ती. चारचौघांत मला राग यायला लागला की ती कोपरानं ढोसायची. मी मांडी सावरून बसलो.

"गिरणीवाल्या, ऐकू येईना का?" अण्णांनी अडकित्ता माझ्या डाव्या कानाला लावला आणि दाबला. सुपारी फुटल्यासारखा आवाज झाला. कान पाटावर पडला. गुरुजींनी त्याच्याभोवती पळीभर पाणी फिरवलं आणि पुढचा मंत्र म्हणायला घेतला.

मग कुणीतरी अक्षता टाकल्या. वेळ झाली नव्हती, तरी एकानं टाकल्या म्हणून सगळ्यांनी टाकल्या. तांदूळ माझ्या गालात, कपाळात, मानेत घुसले आणि अर्धे बाहेर राहिले. मी ते काढले नाहीत. लेकीच्या लग्नातल्या अक्षता कुणी अंगावरून झटकत नाही.

वैजू समोर बसली होती. तिच्या मुंडावळ्या हलत होत्या.

"आप्पा, रक्त येतंय."

"येऊ दे. तू बस."

मी अण्णांना म्हणालो, "मी उठतो. पण माझ्याशेजारी ती बसलीय. आधी तिला उठवा. तिचं नाव घेऊन ऊठ म्हणा. ती उठली की मी उठलो."

"एवढंच ना?" अण्णा म्हणाले. त्यांनी तोंड उघडलं. "ए…"

"ही हाक झाली. नाव घ्या."

अण्णांनी वहिनींकडे बघितलं.

"गिरणीवाली," वहिनी म्हणाल्या.

"गिरणी माझी आहे. तिचं नाव घ्या."

तिचं सासरचं नाव वहिनींनीच सुचवलं होतं. आमच्या लग्नाच्या दिवशी ताटात तांदूळ पसरले आणि मी माझ्या अंगठीनं त्यात लिहिलं, मालन. संध्याकाळी तेच तांदूळ शिजवले. अण्णांनी दोनदा वाढून घेतला भात. त्यानंतर त्या घरात कुणी ते नाव घेतलं नाही. ती गिरणीवरून यायची तेव्हा केसांत पीठ असायचं. वहिनी म्हणायच्या, पीठ घरात नको, आणि तिचं ताट मागच्या पायरीवर ठेवायच्या. ती पायरीवर जेवायची, मग सगळ्यांची भांडी घासायची.

वैजूनं नाव सांगायला तोंड उघडलं. मी मानेनं नको म्हणालो. "तू तिला आई म्हणतेस. तुझं देणं तेवढंच."

अण्णांनी मंडपाला विचारलं. "काय रे नाव ह्याच्या बायकोचं? कुणाला ठाऊक आहे?" माणसं एकमेकांकडे बघायला लागली. कुणी म्हणालं, धाकटी. कुणी म्हणालं, वैजूची आई. प्रत्येक चुकीच्या नावाला बांबू एक पाऊल आत येत होते. आता माणसं एकमेकांच्या मांडीवर बसली होती आणि मांडवाचं कापड त्यांच्या डोक्यांना लागत होतं.

"मेलेल्या बाईचं नाव लग्नात काढतोस," अण्णा म्हणाले. "लाज वाटत नाही?" त्यांनी माझ्या डाव्या हाताची करंगळी अडकित्त्यात घेतली. मग तिच्या शेजारचं, अंगठीचं बोट. करंगळी गडगडत वहिनींच्या पायाशी गेली. त्यांनी ती चपलेनं बाजूला सारली. अंगठीचं बोट उजव्या पाटावर पडलं आणि तिथंच थांबलं, वर कुणी हात ठेवल्यासारखं.

मागून कुणीतरी तांब्या घातला माझ्या डोक्यात. दुसऱ्या फटक्याला दोन दात निघाले. मी ते खिशात ठेवले. पाठ ताठ ठेवली. माझा उजवा हात तेव्हाही धड होता आणि गिरणीत चाळीस किलोची पोती उचललेला होता. अण्णांचा गळा त्या हाताच्या टप्प्यात होता. सुपारी मला ढोसत होती, सारखी, एकाच जागी. तिथं काळंनिळं झालं असेल.

"ठाण मांडून बसलाय बघा," वहिनी म्हणाल्या.

"जन्मभर पायरीवर जेवली," अण्णा म्हणाले, "आणि मेल्यावर पाट पाहिजे तिला."

सुपारीचं ढोसणं थांबलं.

मी वाट बघितली. ती हलली नाही. मग मी कनवटीत हात घातला, तिला बाहेर काढलं आणि तळहातावर ठेवून अण्णांच्या पुढं धरलं.

"घ्या," मी म्हणालो. "फोडा. पण कुणाला फोडताय ते नाव घेऊन फोडा. आमच्या घरातलं माणूस आहे. बेवारशी नाही."

अण्णांनी तिला अडकित्त्यात धरलं. दोन्ही हातांनी दाबलं. त्यांच्या मानेच्या शिरा वर आल्या. पातं सुपारीला टेकलं आणि अडलं.

"गुरुजी, हे दबेना."

"यजमान म्हणतायत तसं करा," गुरुजी म्हणाले. "नाव उच्चारल्याशिवाय काहीच होत नसतं."

अण्णांनी डोळे मिटले. ते आठवत होते. ओठ हलले, घसा वरखाली झाला, आणि त्यांच्या तोंडातून तांदळाचा एक दाणा पडला. कच्चा. मग चार. मग मूठभर. वहिनी त्यांच्या पाठीत बुक्क्या मारायला लागल्या. तांदूळ नाकातूनही यायला लागले, त्यांना टोकं होती, आणि नंतर नंतर आले ते लाल होते. अण्णांचे डोळे बाहेर आले. पण अडकित्ता त्यांच्या हातातून सुटत नव्हता, आणि त्यात माझी बायको होती.

मी पूजेचं ताट रिकामं करून त्यांच्या तोंडाखाली धरलं.

"सावकाश, अण्णा. घाई नाही."

मागच्या रांगा आता दिसत नव्हत्या. बांबू आमच्या खांद्यांना लागले होते. ताट भरलं तसं मी ते खाली ठेवलं आणि उरलेल्या बोटांनी तांदूळ सारखे केले.

वैजू उठली. वाकत वाकत आली, कापड डोक्याला घासत. तिनं उजव्या पाटावरून माझं अंगठीचं बोट उचललं आणि लेखणी धरतात तसं धरलं. त्यातून अजून रक्त येत होतं.

"म्हणा काका," ती म्हणाली. "मी लिहिते."

अण्णांनी तिच्याकडे बघितलं. त्यांचे ओठ एकमेकांना लागले, पहिल्या अक्षराला लागतात तसे. वैजूनं बोट तांदळावर टेकवलं. अडकित्त्याचं पातं एक केसभर आत गेलं.

माझ्या शेजारचा पाट वर आला, कुणीतरी उठल्यावर येतो तसा.