ठसका आलाच नाही

आधीची दोन लेकरं गेली म्हणून कुंदाबाईने तिसऱ्याला जन्मताच सुपात घालून उकिरड्यावर ठेवलं, आणि केरात सापडल्यासारखं उचलून घरात आणलं. नावही सुपडूच ठेवलं. टाकून दिलेल्या पोराला कोण नजर लावणार? वर गालभर काजळ फासायची. पण मेलं पोर इतकं गोड, की काजळसुद्धा त्याला शोभून दिसायचं.

पोळ्याच्या दिवशी तिला राहवलं नाही. न्हाऊमाखू घातलेला सुपडू मांडीवर हसत होता आणि ती दुपारभर त्याच्याकडे नुसती बघत बसली. संध्याकाळी पोर तापाने फणफणलं.

नवरा, भिकन, चाळीसगावला न्यायला जीप आणायला धावला. तोवर सासूने, वच्छलाबाईने, शेगडीत निखारे घेतले. एकेकाचं नाव घ्यायचं, मिरची पोरावरून ओवाळायची आणि निखाऱ्यावर टाकायची. ज्याच्या नावाला ठसका येणार नाही, नजर त्याची. शेजारच्या ताईबाईच्या नावाला ठसका आला. बोहारणीच्या नावालाही आला. खोकून खोकून कुंदाबाईच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं, आणि ती देवाला विनवत होती, कुणाचं तरी नाव निघू दे.

आता पोराच्या आईचंच नाव घ्यायचं राहिलं होतं. वच्छलाबाईने शेवटची मिरची उचलली. "आते मायनं नाव."

निखाऱ्यांवर एव्हाना राख धरली होती. मिरची तशीच पडून राहिली. ठसका आला नाही.

"दिनभर तूच देखत बठनी व्हती ना?" सासू हळूच म्हणाली. तीही घाबरली होती.

राख कुंदाबाईला दिसत होती. निखारे फुंकून पुन्हा टाका, एवढंच म्हणायचं होतं. पण पुन्हाही ठसका आला नाही तर?

डॉक्टरच्या इंजेक्शनांनी सुपडू आठवड्यात बरा झाला. कुंदाबाई मात्र त्याला पाजताना पदर डोळ्यांवर ओढू लागली. न्हाऊ घालायचं काम तिने सासूवर टाकलं.

दिवाळीच्या सुमारास ओट्यावर गलका झाला.

"कुंदा, देख वं, तुना पोऱ्या चाली राहिना!" ताईबाई ओरडली.

कुंदाबाईने डोळे गच्च मिटले. सुपडूची पहिलीवहिली पावलं अडखळत जवळ आली. ओली बोटं तिच्या पापण्यांवर टेकली आणि त्या उघडायला धडपडू लागली.

"जाय रे बाबा," ती म्हणाली, "आजीकडे जाय."