पाचव्या पानावरचा मुलगा

पेरूतल्या उआमांगा गावच्या पोरांनी, इंकांचं राज्य बुडवणाऱ्या स्पॅनिश पिझारोला कधी माफ केलं नाही. शाळेत त्याचं चरित्र शिकवतात, परीक्षेत त्याच्यावर प्रश्न येतो, पोरं उत्तरंही बरोबर लिहितात. पण पुस्तक हातात पडलं की आठवड्याच्या आत त्याच्या डोक्यावर शिंगं उगवतात. कुणी त्याचे डोळे फोडतं, कुणी दात काळे करतं. मास्तरांना दिसतं, पण मास्तर तेवढ्यापुरते खिडकीबाहेर बघतात. तेओफिलो पालोमिनो याच गावच्या शाळेत शिकला होता आणि त्यानंही आपल्या वेळच्या पिझारोला गाढवाचे कान काढले होते. पुढे तो चित्रकार झाला आणि नव्या पोरांसाठी पिझारो रंगवायचं काम नेमकं त्याच्याकडेच आलं, तेव्हा तो पोट धरून हसला होता.

त्या मंगळवारी मात्र तो बाजारामागच्या जुन्या पुस्तकांच्या गल्लीत बायकोच्या मागे गुपचूप उभा होता. ओनोराता एकेक पातळ पुस्तक उचलायची, पाचवं पान उघडायची आणि मिटून ठेवायची. पुस्तक तेच, मुलांसाठी लिहिलेलं पिझारोचं चरित्र. पाचव्या पानावर छोटा फ्रान्सिस्को पिझारो डुकरं राखत उभा, आणि प्रत्येक प्रतीत त्याच्या तोंडाची पार वाट लावलेली.

"सेन्योरा ओनोराता, हे जुनं कशाला उपसत बसलात?" दुकानदार आबुंदिओ म्हणाला. "नवं आलंय याचं. चकचकीत कागद, मोठी अक्षरं, नवी चित्रं. आतला मजकूर तोच."

"मजकूर मला नकोय."

"मग काय पाहिजे? चित्र? ह्या हरामखोराचं? वा! अहो, नातवंडांना शिंगं काढायला मोकळं डोकं पाहिजे असं सांगा की!"

तो आपल्याच विनोदावर खो खो हसला. तेओफिलोनं मान खाली घातली. आबुंदिओ दुसऱ्या गावाहून आलेला, त्याला ठाऊक असायचं काही कारण नव्हतं. ओनोरातानं शेवटची प्रत खाली ठेवली, स्कर्टला हात पुसले आणि म्हणाली, "आणखी कुठून आल्या तर ठेवा माझ्यासाठी. शुक्रवारच्या आत."

शुक्रवारी त्यांना त्यांचा मुलगा मिळणार होता.

पंचवीस वर्षांपूर्वी एदिल्बेर्तोला नेलं तेव्हा तो एकोणीस वर्षांचा होता. सैनिक भल्या पहाटे आले. त्याला उचललं आणि जाताना घरातले सगळे कागद पोत्यात कोंबून नेले: वह्या, पुस्तकं, तेओफिलोची चित्रं, फोटोंचा डबा. एक पासपोर्ट साइज फोटो ओनोराताच्या पर्समध्ये राहिला होता, तो तिनं तक्रारीला जोडला. तक्रार या कचेरीतून त्या कचेरीत फिरली आणि फोटोसकट गडप झाली. त्यानंतर चौकात मोर्चे निघायचे तेव्हा बाकीच्या आयांच्या गळ्यात मुलांचे फोटो असायचे, आणि ओनोराताच्या हातात नुसतं नाव लिहिलेला पुठ्ठा. एकेक नाव पुकारलं जायचं आणि सगळ्या मिळून ओरडायच्या, "हजर!" तिला कुणी पुस्तकातल्या चित्राची आठवण करून दिलीच तर ती अंगावर धावून जायची. चित्र भिंतीवर लावतात ते मेलेल्याचं, आणि माझा पोरगा मेलाय असं कोण म्हणतंय?

आता फोन आला होता. सैन्याच्या बराकीमागच्या माळावर जी हाडं सापडली होती त्यातली काही तिच्या रक्ताशी जुळली होती. फोनवरची मुलगी गुणाची होती, हळू बोलत होती. शुक्रवारी चर्चमध्ये सगळ्या कुटुंबांना पांढऱ्या पेट्या देणार. पेटीवर ठेवायला एक फोटो आणा, असंही तिनं सांगितलं.

ओनोराता रडली नाही. फोन ठेवून तिनं चूल पेटवली, बटाटे चढवले आणि मग म्हणाली, "म्हाताऱ्या, मला त्याचं तोंड पाहिजे."

ते चित्र त्या घराच्या अंगणातच झालं होतं. लिमाच्या एका प्रकाशकानं मुलांसाठी चरित्रं काढायचं ठरवलं होतं: पिझारो, आल्माग्रो, दोन व्हाइसरॉय, आणखी कुणी कुणी. तेओफिलोची खोड अशी की समोर माणूस बसवल्याशिवाय त्याला साधं नाक काढता यायचं नाही. त्यामुळे अख्खी गल्ली इतिहासात गेली. पाववाला एक डोळा मिटून पिझारोचा एकडोळ्या जोडीदार आल्माग्रो झाला. मेव्हणा क्रिसोस्तोमो पलंगपोस पांघरून व्हाइसरॉय झाला, आणि त्यानंतर महिनाभर बायकोला म्हणत होता, "व्हाइसरॉयला असं थंड सूप वाढतात का गं?"

एदिल्बेर्तो, घरचा एदी, तेव्हा अकरा वर्षांचा. तो फुरंगटून बसला. "मी नाही पिझारो होणार. मी अताहुआल्पा होणार."

"अरे, या पुस्तकात अताहुआल्पा लहान नाहीये," तेओफिलो म्हणाला. "तो एकदम मोठाच येतो."

"का? तो लहान नव्हता कधी?"

तेओफिलोनं हस्तलिखित चाळलं. पोरगं बरोबर बोलत होतं. पिझारोला आई होती, डुकरं होती, भूक होती, समुद्राची स्वप्नं होती. इंका राजा अताहुआल्पा सतराव्या पानावर पालखीतून यायचा आणि विसाव्या पानावर मरायचा. लहानपण एकट्या पिझारोला दिलं होतं. "मी नाही लिहिलं ते," बाप म्हणाला. "मी फक्त चित्रं काढतो. चल, चौकातली मुयुची देतो, दोन वाट्या." मुयुची म्हणजे तिथल्या बायका बर्फावर भांडं गरगर फिरवून करतात ते आइस्क्रीम. दोन वाट्यांवर सौदा पटला, आणि एदी शेजाऱ्यांच्या डुकरांमध्ये काठी घेऊन उभा राहिला. मोठ्या डुकरिणीला तो मनातून टरकत होता. ती भीतीही चित्रात आली, बाहेर आलेला डावा कानही आला, आणि झाडावरून पडून भुवईवर झालेली खूणही आली. लिमाहून निरोप आला, चित्र उत्तम, फक्त पोरगा जरा गोरा करा, केस पिवळट करा. तेओफिलोनं केले. पैसे घेतलेले होते. भुवईवरच्या खुणेचं काय, असं संपादकानं विचारलं तेव्हा त्यानं ठोकून दिलं, "डुकरानं लाथ मारली होती."

बुधवारी तो अंगणातल्या टेबलाशी कागद घेऊन बसला. वयानं हात पूर्वीसारखा चालत नव्हता, पण ते निमित्त होतं. मुलाचं तोंड आठवेना हे खरं दुखणं होतं. कान आठवायचा, हसणं आठवायचं, आणि सगळं एकत्र करायला जावं तर कागदावर भलताच माणूस बसलेला असायचा. एकदा पुतण्या झाला, एकदा तो स्वतःच. आपल्या पोराचं तोंड बापाला काढता येऊ नये याची त्याला इतकी लाज वाटली की बायको बाहेर आली तेव्हा त्यानं कागद कोपराखाली दडवले.

"दाखव," ती म्हणाली.

"काही जमलं नाही."

तिनं कागद ओढून पाहिले. "हा कोण?" मग त्याच्या तोंडाकडे पाहून ती नरमली. "असू दे. मलाही नाही आठवत सगळं. आवाज आठवतो. तोंड धुवून निघाल्यासारखं झालंय."

गुरुवारी दुपारी आबुंदिओ स्वतः दारात आला. आता त्याला कुणीतरी सांगितलं होतं, कारण टोपी हातात होती आणि विनोद बंद होते. "बंद पडलेल्या एका शाळेचं पोतं आलं होतं," तो म्हणाला. "सगळी पाहिली. ही एक त्यातल्या त्यात बरी आहे. पैसे नकोत, सेन्योरा. त्या दिवशी मी जे बोललो..."

"बसा, मक्याची चिचा पिऊन जा," ओनोराता म्हणाली आणि पेला भरायला आत गेली.

पाचव्या पानावर शिंगं होतीच, निळ्या बॉलपेननं घोटून घोटून काढलेली. वरच्या ओठावर बारीक मिशी होती. पण डोळे शाबूत होते. डुकरिणीकडे तिरके बघणारे, घाबरलेले आणि घाबरलोय हे लपवणारे डोळे. तेओफिलोला एकदम सगळं आठवलं. तो तसाच भिंतीला टेकून खाली बसला आणि आबुंदिओसमोर, भर दुपारी, हमसून हमसून रडला. आबुंदिओनं ओनोरातानं आणलेला पेला तसाच ठेवला आणि निघून गेला.

मग कामाला लागायचं ठरलं. तोंड काढायचं नव्हतं, ते समोरच होतं, आणि समोर असलेल्या गोष्टीपुढे तेओफिलोचा हात अजून बऱ्यापैकी चालायचा. शाई खोडली तर कागद फाटला असता, म्हणून त्यानं शिंगांवर टोपी रंगवली. एदी कॉलेजला जाताना घालायचा तसली, तपकिरी, कडा वाकलेली. पिवळट केसांवर काळी शाई फिरवली. गालांवरचा गुलाबीपणा तपकिरी रंगाचा पातळ हात देऊन झाकला. लिमाच्या त्या संपादकाचं सगळं देणंघेणं फिटल्यासारखं त्याला वाटलं. शेवटी त्यानं ब्लेड घेतलं. ओठावरची मिशी हळूच खरवडून काढायची तेवढी राहिली होती.

ओनोरातानं त्याचं मनगट धरलं. "थांब."

"अगं, अकरा वर्षांचा आहे तो. मिशी कसली?"

"नेला तेव्हा होती," ती म्हणाली. "एवढीशी. आठवत नाही? मी म्हणायची, तोंड धू, चॉकलेट लागलंय. मग तो चिडायचा."

तेओफिलोनं चित्र लांब धरून पाहिलं. कुठल्याशा पोरानं रागानं ओढलेली ती निळी रेघ होती. टोपी, काळे केस आणि ती मिशी; खाली त्यांचा एदी, आठ वर्षांनी मोठा झालेला. त्यानं ब्लेड खाली ठेवलं. त्या अनोळखी पोराचे आभार कसे मानायचे ते दोघांनाही कळेना. चित्राखाली पुस्तकात छापलेलं पिझारोचं नाव होतं, त्यावर कागदाची पट्टी चिकटवून ओनोरातानं मोठ्या अक्षरांत लिहिलं: एदिल्बेर्तो पालोमिनो.

शुक्रवारी चर्च गच्च भरलं होतं. पांढऱ्या पेट्या ओळीनं मांडल्या होत्या. धडधाकट बापांच्या, तरण्याबांड पोरांच्या, आणि सगळ्या लहान मुलाला पुरतील एवढ्याच. हाडांना जागा लागते तरी किती? ओनोरातानं पेटीवर हात फिरवला, डोक्याची बाजू कुठली ते मदतीला आलेल्या मुलीला विचारलं आणि त्या बाजूला चित्र उभं केलं. बाकी सगळीकडे करडे, पिवळे पडलेले फोटो होते. त्यांच्यात हे एकच रंगीत.

शेजारच्या पेटीपाशी तिशी उलटलेली एक बाई आपल्या बापाचा फोटो धरून उभी होती. निल्दा तिचं नाव, ती एकटीच आली होती. ती बराच वेळ चित्राकडे बघत होती. तेओफिलो चित्राजवळ सरकला. ओळखलं हिनं. आता म्हणणार, पिझारोला इथं कशाला आणलंत?

"सेन्योरा," ती अगदी हळू म्हणाली, "हा आमच्या पुस्तकातला... डुकरांचा..."

"हो," ओनोराता म्हणाली. "माझा मुलगा आहे. माझ्या नवऱ्यानं त्याला बघून काढला होता."

निल्दाचा चेहरा पांढरा पडला. "माझ्या बापाला नेलं तेव्हा मी दुसरीत होते," ती म्हणाली. "कुणी नेलं ते विचारायचं नाही, नाव काढायचं नाही, आजी तोंडावर हात ठेवायची. शाळेत हे पुस्तक होतं. मी कर्कटकाच्या टोकानं त्याचे डोळे फोडले, सेन्योरा. आरपार. दुसऱ्या मुलींच्या पुस्तकातलेही फोडले." ती तोंडावर हात ठेवून उभी राहिली. "मला माहीत नव्हतं."

तेओफिलोला वाटलं, आता ओनोराता कोसळणार. इतक्या वर्षांची आई, इतकी पुस्तकं उघडून मिटलेली. पण तिनं हात पुढे करून निल्दाच्या हातातला कलता झालेला फोटो सरळ केला.

"तुला कसं माहीत असणार, बाळ?" ती म्हणाली. "तिथं नाव दुसऱ्याचं लिहिलं होतं."

पुढे कुणीतरी नावं पुकारायला लागलं. एकेका नावाला घरची माणसं उत्तर देत होती, "हजर", कुणी खणखणीत, कुणी रडत. निल्दानं बापाच्या नावाला उत्तर दिलं. मग नाव आलं, एदिल्बेर्तो पालोमिनो. तेओफिलोनं तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. त्यानं बायकोकडे पाहिलं. मोर्च्यांमध्ये एवढी वर्षं सगळ्यांच्या वर आवाज काढणारी ओनोराता दोन्ही हातांनी पेटी धरून उभी होती, आणि तिचे ओठ नुसते हलत होते.

पुकारणाऱ्यानं नाव पुन्हा घेतलं.

"हजर," निल्दा म्हणाली.